रात्री उशिराच्या टीव्हीसारखी विचित्र खोटी जाहिरात घरी कशी बनवायची

अमेरिकेत कार्टून नेटवर्कवर रात्री ॲडल्ट स्विम लागतं, म्हणजे मोठ्यांसाठीचे विचित्र विनोदी कार्यक्रम, 2001 पासून. त्यांनी 2014 मध्ये टेलिशॉपिंगच्या वेळेत, पहाटे 4 ला, 'टू मेनी कुक्स' दाखवलं, 11 मिनिटं, जुन्या फॅमिली सिरीयलचं टायटल साँग जे संपतच नाही, नवीन नवीन लोक हसून कॅमेऱ्याकडे बघत राहतात आणि मग त्यात खुनी घुसतो. बनवायच्या आधी ते नक्की बघा.

पहिलं काम वस्तू ठरवायची. मुंबईत कुठल्याही हायवेवरचे बिल्डरांचे होर्डिंग वाचत जा, सगळे समुद्र विकतायत. म्हणून आपली वस्तू सी-व्ह्यू चष्मा, डोंबिवलीच्या वन आरकेतूनही समुद्र दिसतो.

मग स्क्रिप्ट, आणि इथे घाई करू नका. टेलिशॉपिंगचा क्रम जसाच्या तसा ठेवायचा: त्रासलेला माणूस, वस्तू, खूश ग्राहक, पडत जाणारी किंमत, फोन नंबर. विचित्र गोष्ट एकच घ्यायची आणि शेवटपर्यंत न्यायची. पहिल्या ताई म्हणतात छान दिसतो समुद्र, दुसऱ्या काकांची पँट गुडघ्यापर्यंत ओली, तिसरा भरतीची वेळ सांगून घाईत निघतो, आणि अँकर मात्र तेवढ्याच उत्साहात ईएमआय समजावतोय. कलाकाराला हसू आलं तर टेक परत घ्या, कारण त्याला ते खरं वाटलं तरच बघणाऱ्याला हसता हसता कसंतरी होतं.

शूटिंग फोनवर होतं. मागे मंगलदास मार्केटमधला चकचकीत सॅटिन, वर ट्यूबलाइट, फ्रेम जुन्या टीव्हीची म्हणजे 4:3.

आवाज मात्र वेगळा रेकॉर्ड करा, परदेशी जाहिराती हिंदीत डब होऊन यायच्या ना, ओठ एकीकडे नि शब्द दुसरीकडे, तसं हवं असेल तर एडिटिंगमध्ये आवाज 5 फ्रेम मागे सरकवा, सेकंदाला 25 फ्रेमच्या व्हिडिओत तो 0.2 सेकंद होतो, तेवढं पुरतं.

लांबी 3 मिनिटांच्या आत.

एक गोष्ट मनापासून सांगतो, विकत घेणाऱ्याची टिंगल करू नका. छोट्या खोलीत राहून समुद्र हवासा वाटणं यात हसण्यासारखं काही नाही, हसायचं ते विकणाऱ्याच्या युक्तीला. खऱ्या कंपनीचं नाव नको आणि स्क्रीनवरचा फोन नंबर 10 आकडी नको, 14 आकडी टाका, नाहीतर कुणाच्या तरी घरी रात्री 2 ला फोन वाजेल.