आफ्रिकेतला जायंट बुलफ्रॉग कसा पाहावा

दक्षिण आफ्रिका, बोट्स्वाना किंवा नामिबियाच्या सहलीला निघताना आपण सिंह, हत्ती, गेंडा, चित्ता अशी यादी करतो. त्या यादीत एक बेडूक घाला, असा माझा आग्रह आहे. त्याचं शास्त्रीय नाव पिक्सिसेफॅलस ॲडस्पर्सस, आणि इंग्रजी बोलणारे लोक त्याला जायंट बुलफ्रॉग म्हणतात. पूर्ण वाढलेला नर २०-२४ सेंटिमीटर लांब असतो आणि त्याचं वजन किलोच्या पुढे जाऊ शकतं. पण आकारापेक्षाही पाहण्यासारखा आहे तो त्याचा बापपणा.

नावावरून मात्र गल्लत नको. पावसाळ्यात पिवळाधमक होऊन निळे गलफुगे फुगवणारा आपला बुलफ्रॉग वेगळ्या कुळातला आहे. दोघांचं नातं फार लांबचं.

तारखा आधी नको, पाऊस आधी बघा

हा बेडूक वर्षाचे बहुतेक महिने जमिनीखाली असतो. मे ते ऑगस्टमध्ये, म्हणजे आपल्या उन्हाळी सुट्टीपासून श्रावणापर्यंत गेलात, तर तो दिसण्याची आशाच धरू नका. त्याच्या प्रदेशात पावसाचा हंगाम साधारण ऑक्टोबर ते मार्च, आपल्या हिशेबाने दिवाळीपासून होळीपर्यंत. जोहान्सबर्ग-प्रिटोरियाच्या हाउटेंग प्रांतात नोव्हेंबर ते जानेवारी हा चांगला काळ. उत्तर नामिबिया आणि बोट्स्वानात जानेवारी ते मार्च.

भुरभुर पावसाने काम होत नाही. आपल्या वळवासारखा गडगडाटी, झोडपणारा पाऊस पडून सखल जागी पाणी साचावं लागतं. म्हणून सहलीचं वेळापत्रक गच्च भरू नका. एक-दोन दिवस मोकळे ठेवा आणि मुक्कामाच्या जागी रोज सकाळी एकच प्रश्न विचारा: पॅनमध्ये पाणी आलं का? पॅन म्हणजे त्या सपाट प्रदेशातली उथळ, पसरट खळगी. एरवी कोरडी पडलेली असते, पावसात तिचं तळं होतं.

जमिनीखाली काय चाललंय ते समजून घ्या

हा भाग वाचून गेलात तर पाहताना दुप्पट आनंद मिळेल. या बेडकाच्या मागच्या पायांच्या तळव्यांवर कडेला फावड्यासारखा टणक उंचवटा असतो. त्या पायांनी माती उकरत तो मागच्या मागे, बूड आधी, जमिनीत उतरतो. त्यामुळे तोंड वरच्या दिशेला राहतं.

खाली गेल्यावर त्याच्या कातडीचा वरचा थर सुटतो, पण गळून पडत नाही. थरावर थर अंगालाच चिकटून राहतात आणि सुकून त्यांचा पातळ, पण पाणी धरून ठेवणारा कोश बनतो. उघड्या राहतात त्या फक्त नाकपुड्या. मूत्राशयात साठवलेलं पाणी तो गरजेप्रमाणे शरीरात परत शोषून घेतो. श्वास, हृदयाचे ठोके, ऊर्जेचा खर्च, सगळं मंदावतं. असा तो आठ-दहा महिने काढतो, आणि दुष्काळ लांबला तर त्याहून जास्त. पावसाचं पाणी मुरून माती भिजली की कोश मऊ पडतो. तो फाडून बेडूक बाहेर येतो आणि बहुतेक वेळा तो कोशच खाऊन टाकतो. इतक्या उपासानंतरचा पहिला घास स्वतःच्याच कातडीचा!

जागा निवडताना

मोठं धरण किंवा खोल तलाव शोधू नका. तिथे मासे असतात आणि मासे बेडूकमासे खातात. वर्षातले काही आठवडेच भरणारं, गवताळ काठाचं उथळ पाणी हवं. नामिबियातलं एटोशा, बोट्स्वानातलं सेंट्रल कालाहारी आणि नाय पॅन या भागांत चांगल्या पावसानंतर हा बेडूक दिसतो. हाउटेंगमध्ये मिडरँड इथल्या ग्लेन ऑस्टिनचा पॅन बुलफ्रॉगसाठी प्रसिद्ध आहे. शहराच्या मधोमध बेडकांची अशी जागा टिकून आहे हे मला फार मोलाचं वाटतं, कारण हाउटेंगमध्ये असे कितीतरी पॅन रस्ते आणि घरांखाली गेले आहेत.

अभयारण्यात असाल तर गाडीतून उतरू नका. बेडकासाठी आलेल्या माणसाला सिंह सूट देत नाहीत.

दिवसा जा, दुर्बीण न्या

बेडूक म्हणजे रात्र, हा आपला अनुभव इथे बाजूला ठेवा. जायंट बुलफ्रॉगचं प्रजनन भर दिवसा चालतं, आणि पाहणाऱ्याला याहून मोठी सोय नाही. जोरदार पावसाच्या दुसऱ्या दिवशी सकाळीच काठापासून काही अंतरावर जाऊन बसा. आधी कान द्या. आपल्या डराव डरावसारखी रट नसते. खोल, घुमणारा, तुटक हुंकार असतो, लांबून वासरू हंबरल्यासारखा.

नर ऑलिव्ह हिरवा. त्याचा गळा पिवळा आणि पुढच्या पायांच्या काखेत पिवळ्या-नारिंगी रंगाची झाक. पाठीवर लांबट वळ्या असतात. मादी त्याच्या मानाने बरीच लहान. बहुतेक बेडकांमध्ये मादी मोठी असते, इथे उलटं, आणि त्याचं कारण समोरच दिसेल: नर कुस्ती खेळतात. उथळ पाण्याच्या लहानशा तुकड्यात कितीतरी नर जमतात. दांडगे मधली जागा धरतात, लहान नर कडेला ढकलले जातात. खालच्या जबड्यात दातांसारखे दोन टोकदार हाडांचे उंचवटे असतात. त्यांनी ते एकमेकांना चावतात, उलथवून फेकतात. कधी कधी एखाद्याचा जीवही जातो.

आता नजर पाण्यावर ठेवा. मादी पृष्ठभागाखालून पोहत येते, म्हणजे कडेच्या नरांच्या तावडीत न सापडता मधल्या दांडग्याकडे पोचते. अंडी घालताना ती पार्श्वभाग पाण्याबाहेर उचलते. अंडी पाण्यात पडण्याआधीच नर ती फळवतो, त्यामुळे शुक्राणू पाण्यात विरून जात नाहीत. हे दृश्य क्षणात घडतं आणि लगेच निसटतं. एका मादीची तीन-चार हजार अंडी असतात. गर्दी ओसरायला काही तासच लागतात, त्यामुळे 'दुपारी जेवून जाऊ' असं म्हणालात तर हुकलंच.

आठवड्याने परत या

बहुतेक लोक इथे चुकतात. कुस्ती पाहून निघून जातात, आणि खरी गोष्ट पुढे असते.

अंडी साधारण दोन दिवसांत फुटतात. बेडूकमाशांचे काळे, दाट थवे उथळ पाण्यात हलताना दिसतात. त्यांच्या जवळ एखादा मोठा नर बसलेला दिसला, तर तो पहाऱ्यावर आहे असं समजा. पक्षी, साप, गुरं, माणूस, जवळ येईल त्याच्यावर तो तोंड उघडून झेपावतो. सिंहावर धावून गेल्याचंही लोकांनी चित्रित केलं आहे. मधूनच तो काही पिल्लं खातोही. तरीही त्याच्या राखणीत जगणाऱ्यांचा हिशेब मोठा राहतो.

पिल्लांना वाढायला ऊन लागतं. उथळ पाणी लवकर तापतं, त्यात ती झपाट्याने वाढतात आणि तीन-चार आठवड्यांत बेडूक होतात. पण तेच उथळ पाणी सगळ्यात आधी आटतं. म्हणून दुपारच्या कडक उन्हात नराकडे बघत राहा. पिल्लं एखाद्या आटत चाललेल्या डबक्यात अडकली की तो तिथून मोठ्या पाण्याकडे चिखलातून चर खणायला लागतो. अंगाने आणि पायांनी चिखल रेटत, थांबत, पुन्हा रेटत. हे चर कित्येक मीटर लांब असू शकतात. त्यातून पाणी आत येतं आणि पिल्लं बाहेर पडतात. एखादा शेतकरी बांध फोडून वाफ्यात पाणी घेतो ना, तसंच. हे पाहायला दोन-तीन दुपारी द्याव्या लागल्या तरी द्या.

हात लावू नका, बूट धुवा

उचलून फोटो काढायचा मोह टाळा. त्याचा चावा रक्त काढतो, आणि आपल्या हातावरची सनस्क्रीन, डासांचं मलम त्याच्या पातळ, शोषून घेणाऱ्या कातडीला घातक ठरू शकतं. शिवाय उचललेला बाप पहाऱ्यावरून हटलेला असतो.

बुटांचं तर मी सगळ्यांना बजावून सांगेन. कायट्रिड नावाच्या बुरशीने जगभर बेडकांच्या प्रजाती संपवल्या आहेत. या बुरशीची १९३८ सालची नोंद दक्षिण आफ्रिकेतल्याच एका बेडकाच्या जतन केलेल्या नमुन्यात मिळाली होती. एका पॅनचा चिखल दुसऱ्या पॅनमध्ये नेऊ नका. बूट घासून धुवा आणि पूर्ण वाळवा. भारतात परत निघतानाही तेच करा.

उत्तर नामिबियात हा बेडूक जेवणात असतो, तिथल्या भाषेत एफुमा. हंगामाच्या सुरुवातीला तो खाल्ला तर मूत्रपिंडाला इजा होऊन लघवी अडते, हे तिथले लोक पिढ्यान्‌पिढ्या जाणतात. म्हणून काही भागांत बरेच पाऊस होऊन बेडूक ओरडायला लागेपर्यंत थांबतात. पाहुण्यांनी हा प्रयोग करू नये.

रात्रीच्या रस्त्यावर

मुसळधार पावसानंतर पॅनजवळच्या रस्त्यांवर रात्री गाडी शक्यतो काढूच नका. काढावीच लागली तर अगदी हळू चालवा आणि कोणाला तरी पुढे बघायला बसवा. पाण्याकडे निघालेले मोठे बेडूक डांबरावर ओल्या दगडासारखे दिसतात. आणि तीन-चार आठवड्यांनी त्याच रस्त्यावर चकचकीत हिरवी, पाठीवर फिकट रेघ असलेली इवली पिल्लं उतरतात. वाटेत भेटलेल्या भावंडालाही ती गिळतात आणि माती मऊ आहे तोवर खाली उतरतात.