राफ्टिंगला पहिल्यांदा निघालात? या चुका टाळा, आणि रॅपिड संपल्यावर जास्त जपा

अकरा वर्षं झाली, डोंगरातल्या नदीवर राफ्टिंग गाइड म्हणून काम करतेय. सीझनमध्ये दिवसाला दोन ट्रिपा, एक सकाळची आणि एक दुपारची, आणि माणसं दरवेळी नवीन असली तरी चुका मात्र त्याच. म्हटलं एकदा बसून लिहूनच काढू.

सुरुवात त्या "हाफ डे" शब्दापासूनच करते, कारण तो लोकांना फसवतो. अर्ध्या दिवसाची ट्रिप म्हणजे हलकीफुलकी असं धरून लोक येतात. अहो, वेळ अर्धा असतो, नदी अर्धी नसते. राफ्ट, म्हणजे हवा भरलेली रबरी होडी, एकदा पाण्यात ढकलली की दोन्ही बाजूला कडे आणि जंगल, रस्ता नाही, फोनला रेंज नाही, बाहेर पडायची वाट एकच आणि ती म्हणजे पाण्याबरोबर खाली. मधेच कुणाचा पाय मुरगळला तरी उरलेले रॅपिड, म्हणजे खडकांमधून उसळत जाणाऱ्या पाण्याचे टप्पे, पार करूनच त्याला बाहेर काढावं लागतं.

आणि दुसरं म्हणजे, मी पाहिलेल्या बहुतेक दुखापती मोठ्या रॅपिडमध्ये झालेल्याच नाहीत. तिथे सगळे घाबरलेले असतात, दोरी घट्ट धरून असतात, मी काय ओरडतेय ते ऐकत असतात. रॅपिड संपतो, लाटा खाली बसतात, सगळ्यांचा जीव भांड्यात पडतो आणि मग गडबड होते.

ब्रीफिंगकडे दुर्लक्ष

काठावर मी पंधरा-वीस मिनिटं बोलते. त्यातली दहा मिनिटं कुणीतरी फोटो काढत असतं आणि कुणीतरी म्हणतंच, "ताई, चला ना, पाण्यात गेल्यावर कळेल." नाही कळत. पाण्याचा आवाज इतका असतो की मला पूर्ण वाक्य बोलताच येत नाही, मी एक-दोन शब्द ओरडणार आणि तुम्ही ते त्याच सेकंदाला करायचं. फॉरवर्ड, बॅक, स्टॉप, होल्ड ऑन, गेट डाऊन (राफ्टमध्येच खाली बसा), हाय साइड. सहाच आहेत. मी प्रत्येकाकडून एकदा म्हणवून आणि करवून घेते, कुणी कितीही कंटाळलं तरी.

त्यातला हाय साइड नीट समजून घ्या कारण तो मनाच्या उलट आहे. राफ्ट आडवी होऊन खडकावर आदळली की माणूस खडकापासून लांब सरकतो, अगदी आपोआप. पण तुम्ही लांब सरकलात की वरून येणाऱ्या पाण्याच्या बाजूची ट्यूब (राफ्टची हवा भरलेली कड) खाली दबते, पाणी तिच्यावर चढतं आणि राफ्ट खडकाला चिकटून उभी राहते किंवा उलटते. म्हणून सगळ्यांनी खडकाच्या बाजूला झेप घ्यायची, खडकाला मिठी मारायला निघाल्यासारखी. हे काठावर दोनदा करून पाहिलं नसेल तर पाण्यात सुचणार नाही, हे मी अगदी ठामपणे सांगते.

टी-ग्रिप सोडणं

ही माझी सगळ्यात नावडती चूक. पॅडलच्या, म्हणजे वल्ह्याच्या, वरच्या टोकाला टी आकाराची प्लॅस्टिकची मूठ असते. वरचा हात तिच्यावरच पाहिजे, तळवा पूर्ण झाकून, अंगठा खालून. लोक दांड्याला धरतात, ते हाताला सोयीचं वाटतं म्हणून, आणि मग ती मूठ मोकळी राहते. लाट आली, तोल गेला की तीच मूठ शेजारच्याच्या तोंडावर बसते. दात, ओठ, भुवई. हेल्मेट डोकं सांभाळतं, तोंड उघडंच असतं.

दोन सीझनपूर्वी एक मित्रांचा ग्रुप होता, सहा जण. दिवसातला सगळ्यात मोठा रॅपिड मस्त पार केला त्यांनी, एकही जण पडला नाही. खाली शांत पाण्यात आलो आणि सगळ्यांनी आनंदात पॅडल वर करून एकमेकांवर आपटायचं ठरवलं. मी "थांबा, अजून एक लाट आहे" म्हणेपर्यंत ती शेवटची लाट आलीच. गुडघ्याएवढीसुद्धा नव्हती. पुढच्या मुलाने मूठ सोडून दांडा मधोमध धरला होता, तो मागे कलंडला आणि मूठ मागच्या मुलीच्या वरच्या दातांवर. तिने तोंडावर हात घेतला आणि थोड्या वेळाने तळहात उघडून मला दाखवला, त्यावर अर्धा दात होता. मुलगा पुढचे दोन तास काहीच बोलला नाही. तेव्हापासून मी माझ्या राफ्टमध्ये पॅडल वर करून आपटायला देत नाही. कुणी रुसतं, रुसू दे. फोटोसाठी पॅडल वर करायचंच असेल तर राफ्ट काठाला लागल्यावर करा.

पाण्यात उभं राहणं

दातापेक्षा मला या चुकीची कितीतरी जास्त भीती वाटते. आणि ही चूक बहुतेक वेळा चांगलं पोहता येणारा माणूस करतो.

माझा चौथा सीझन. एक उंचापुरा तरुण, पोहण्यात तयार, रॅपिडच्या शेपटाला राफ्टमधून पडला. सुरुवातीला सगळं बरोबर केलं त्याने, पाठीवर पडून, पाय पुढे, बोटं पाण्याच्या वर. मग पाणी कमी झालं, कंबरेएवढं, तळ दिसायला लागला, आणि त्याला वाटलं झालं, आता चालत जाऊ. तो उभा राहिला. दुसऱ्या पावलाला त्याचा डावा पाय दोन दगडांच्या फटीत गेला आणि मागून पाण्याने त्याला ढकललं. पाय जागेवर, अंग पुढे. पाण्याचा वेग दुप्पट झाला की जोर चौपट होतो, त्यामुळे दिसायला साधं वाटणारं कंबरभर पाणीही माणसाला सहज आडवं करतं. तो तोंडावर गेला, दोन्ही हातांनी तळ रेटून कसंबसं डोकं वर काढत होता आणि दर दोन श्वासांना डोकं परत आत.

मी राफ्ट खालच्या बाजूला काठाला लावली आणि दगडांवरून पळत वर आले, मागच्या राफ्टचा गाइड समोरच्या काठावर उतरला. त्याने थ्रो बॅग, म्हणजे आत दोरी भरलेली पिशवी, फेकली, दोरी नदीवर आडवी ताणून आम्ही ती त्या मुलाच्या छातीखाली आणली, म्हणजे त्याला रेलायला आधार मिळाला आणि तोंड पाण्यावर राहिलं. मग दोन्ही काठांवरून दोरी वरच्या दिशेला चालवत नेली, कारण पाय ज्या बाजूने आत गेला त्याच बाजूने बाहेर येतो, खाली ओढून तो अजून अडकतो. चारेक मिनिटं लागली असतील. पाय सुटला, बूट तिथेच राहिला. काठावर आणल्यावरसुद्धा त्याची बोटं दोरीवरून सुटत नव्हती, एकेक करून मी उघडली, करंगळी सगळ्यात शेवटी. बोटं अगदी पांढरी पडली होती. आम्ही तिथे दोन गाइड होतो आणि दोन काठ मिळाले, म्हणून तो मुलगा आज जिवंत आहे.

म्हणून नियम असा: वाहत्या पाण्यात गुडघ्याच्या वर पाणी असेल तर उभं राहायचं नाही. आणि गुडघा कुठे, कंबर कुठे हे त्या गडबडीत कळत नाही, त्यामुळे मी ब्रीफिंगला सरळ सांगते, ढुंगण तळाला टेकेपर्यंत उभं राहू नका. लोक हसतात, पण लक्षात राहतं. तोपर्यंत पाठीवर, पाय खालच्या दिशेला, बोटं वर, ढुंगण उचललेलं. मी हाताने दिशा दाखवली की लगेच पोटावर पलटी मारून तिकडे जोरात पोहायचं, खडकामागे किंवा काठाजवळ जिथे पाणी संथ होऊन उलटं फिरतं त्या एडीकडे. नुसतं तरंगत बसू नका, गाइड येईल म्हणून.

याला अपवाद एकच, पाण्यात पडलेलं झाड. फांद्यांच्या जाळीतून पाणी जातं, माणूस नाही जात. तिकडे ओढले जाताय आणि टाळता येतच नाहीये असं दिसलं तर पाय पुढे ठेवू नका, पलटी मारा, डोकं पुढे करून झाडाकडे पोहा आणि खोडावर छाती चढवा.

थ्रो बॅग फेकली तर दोरी धरा, पिशवी नव्हे, पिशवीतून दोरी अजून सुटतच असते. हाताला गुंडाळू तर अजिबात नका. दोरी खांद्यावरून छातीवर घ्या, दोरी टाकणाऱ्याकडे पाठ करा, पाणी तुम्हाला आपोआप काठाकडे आणतं.

मोठ्या लाटेत पॅडल थांबवणं. समोर पाण्याची भिंत दिसली की सगळ्यांचे हात थांबतात, आणि नेमकं तेव्हाच मला तुमचा जोर हवा असतो. राफ्टला स्वतःचा वेग नसेल तर मी मागून कितीही वळवलं तरी ती वळत नाही, लाट तिला आडवी करते. शिवाय पाण्यात रुतलेलं पॅडल हा तुमचाच आधार असतो. हवेत पॅडल मारणाऱ्यांना मी म्हणते, अजून पुढे वाका, पाण्याला पॅडल लागलं पाहिजे. आत सरकून बसू नका, बाहेरच्या ट्यूबवरच बसा आणि पाय मधल्या आडव्या ट्यूबखाली अडकवा. दोरीच्या फासात पाय किंवा मनगट कधीही नाही, राफ्ट उलटली तर सुटायला पाहिजे ना.

लाइफ जॅकेट सैल. "श्वास घ्यायला त्रास होतो" म्हणून पट्टे सोडतात, तेही मधल्या शांत पाण्यात, मी पाठमोरी असताना. माझी पद्धत अशी की प्रत्येकाचं जॅकेट मी स्वतः खांद्यावरून वर ओढून बघते, कानापर्यंत आलं तर परत आवळायचं. पडलेल्याला आत घेतानाही याच खांद्याच्या पट्ट्यांना धरून ओढतात, हाताला धरून नाही, हात ओढून खांदा निखळतो.

जीन्स आणि सुती टी-शर्ट नको. ओलं झालं की वाळत नाही, जड होतं आणि गारठवतं. पाणी हवेपेक्षा साधारण पंचवीस पट वेगाने अंगातली उष्णता काढून घेतं, आणि बर्फ वितळून आलेल्या नदीत पडल्यावर पहिलं मिनिटभर श्वास आपोआप धापेसारखा चालतो, त्या मिनिटात तोंड पाण्याबाहेर ठेवणं एवढंच काम. वेटसूट देतात तो घाला, "मला थंडी वाजत नाही" म्हणू नका.

चपला नकोत, मागे पट्टा असलेलं किंवा बांधता येणारं काहीतरी घाला. अंगठ्या काढून ठेवा. चष्म्याला दोरी.

दमा असेल, खांदा आधी निखळलेला असेल, दिवस गेले असतील तर निघायच्या आधी गाइडला बाजूला घेऊन सांगा. मधेच कळलं तर मी काही करू शकत नाही. आणि रात्रीची दारू उतरली नसेल तर येऊच नका.

आता शॉर्टकटवाले. दर आठवड्याला कुणीतरी विचारतंच, "सुरुवातीचा बोअर भाग सोडून थेट मोठ्या रॅपिडपासून सुरू करू या का?" नाही. त्या बोअर भागातच मी तुम्हाला शिकवते. रॅपिड किती अवघड याची एक ते सहा अशी प्रत वाचून लोकांना वाटतं तीन म्हणजे निम्मंच. पण तीनमध्येच राफ्ट उलटू शकते, आणि पाणी वाढलं की कालचा तीन आज चार होतो. बर्फाच्या नदीला दुपारनंतर पाणी चढतं, ऊन वर बर्फ वितळवून ते खाली पोचायला वेळ लागतो म्हणून. गाइड म्हणाला की आज हा रॅपिड काठाने चालत पार करायचा, तर चाला. वाद घालणाऱ्याला मी पुढच्या ट्रिपला घेत नाही.

राफ्ट उलटून तुम्ही तिच्याखाली आलात तर वर हात लावा, राफ्टचा तळ लागेल, एकाच दिशेने हाताने सरकत राहा, दोन-तीन सेकंदात बाहेर. दिशा बदलू नका.

शेवटचा काठ दिसला की पुढचे दोघं हमखास उडी मारायला उठतात. दगड निसरडे, राफ्ट अजून हलतेय, मागची माणसं त्या धक्क्याने पाण्यात. मी आधी उतरते, दोरी झाडाला बांधते, मग एकेकाला हात देऊन नावाने बोलावते. तुमचं नाव येईपर्यंत बसून राहा, पॅडल मांडीवर, हात टी-ग्रिपवर.