गेमवर विनोदी मालिका करताय? पात्रं घडवताना या चुका टाळा

तीन-चार मित्र, एकाकडे बरा संगणक, दुसऱ्याकडे माइक आणि सगळ्यांच्या हाताखालून गेलेला एखादा बंदुकीचा गेम. एवढ्या भांडवलावर विनोदी मालिका सुरू करायची हौस मराठी मुलामुलींना असते आणि मला ती मनापासून आवडते. असे भाग मी आवर्जून शोधून बघतो. त्यातले कित्येक तिसऱ्या-चौथ्या भागाशी थांबलेले असतात. चित्रण वाईट नसतं, विनोदही अगदीच पडेल नसतात. पण कोण बोलतंय तेच कळत नाही, आणि कळलं तरी त्या माणसाचं पुढे काय होईल याची उत्सुकता लागत नाही. दोष गेमचा नसतो, पात्रांचा असतो.

गेममध्येच अभिनय करून केलेल्या अशा चित्रपटांना मशिनिमा म्हणतात. त्यातलं सगळ्यात शिकण्यासारखं उदाहरण म्हणजे 'रेड व्हर्सेस ब्लू' ही मालिका. टेक्सासमधल्या ऑस्टिन शहरात बर्नी बर्न्स आणि त्याच्या मित्रांनी १ एप्रिल २००३ रोजी तिचा पहिला भाग टाकला. गेम होता 'हेलो'. एका ओसाड दरीच्या दोन टोकांना दोन तळ, एकात लाल सैनिक, दुसऱ्यात निळे. सहा-आठ भागांत संपवायचा बेत होता. पहिली कथाच शंभर भाग चालली, २००७ पर्यंत, आणि त्यानंतरही मालिका पुढे जात राहिली. २०२४ मध्ये तिचा समारोपाचा चित्रपट आला. यातल्या एकाही पात्राला चेहरा नाही. रंग सोडले तर सगळ्यांची चिलखतं सारखी, सगळ्यांचे चेहरे हेल्मेटच्या काचेआड. तरीही बघणाऱ्यांना ती माणसं नावानिशी आठवतात. ते कसं जमलं ते नीट पाहिलं, तर आपल्याकडच्या बऱ्याच चुका आपोआप दिसायला लागतात.

सगळेच विनोदी, सगळे एकाच आवाजात

सगळ्यात जास्त दिसणारी आणि सगळ्यात महाग पडणारी चूक हीच. चौघं मित्र एकत्र बसून लिहितात, त्यामुळे चारही पात्रं त्याच कट्ट्याची भाषा बोलतात. प्रत्येकजण टोमणा मारतो, प्रत्येकाकडे हजरजबाबी उत्तर तयार असतं. आम्हीही कॉलेजात असताना दोन भाग केले होते. ते दाखवले तेव्हा माझ्या बहिणीने एकच प्रश्न विचारला, "दादा, यात तू कुठला?" माझा आवाज तिला लहानपणापासून माहीत होता, तरी तिला ओळखता आलं नाही.

तपासायचा उपाय सोपा आहे. संहितेतली पात्रांची नावं झाकून टाका आणि गटाबाहेरच्या कुणाला तरी वाचायला द्या. निम्म्याहून जास्त ओळी कुणाच्या ते सांगता आलं नाही, तर चित्रणाला हात लावू नका.

लाल तळावरची माणसं बघा. ग्रिफला काम करायचं नाही. सिमन्सला वरिष्ठांची शाबासकी हवी. सार्ज त्यांचा म्होरक्या. त्याला लढाई हवी, आणि समोरच्या निळ्यांपेक्षा त्याचा जास्त दात आहे तो आपल्याच ग्रिफवर. त्याच्या बहुतेक बेतांत ग्रिफचा बळी जाण्याची सोय केलेली असते. आता या तिघांसमोर काहीही ठेवा. नवी जीप आली, असं समजा. सार्ज अभिमानाने भाषण ठोकणार, सिमन्स मान डोलावणार, ग्रिफ फाटे फोडणार. लेखकाला विनोद शोधत बसावं लागत नाही, कारण तिघांना हव्या असलेल्या गोष्टी एकमेकींना आडव्या जातात.

म्हणून पात्राची ओळख लिहिताना 'हा गमत्या आहे', 'ही बिनधास्त आहे' असं लिहू नका. त्याला काय हवंय आणि तो कुणाला सहन करू शकत नाही, एवढ्या दोन ओळी लिहा. विशेषणांतून संवाद सुचत नाही. हट्टातून सुचतो.

कोण बोलतंय ते दिसत नाही

बोलक्या बाहुल्यांचा खेळ आठवा. बाहुली बोलत असते तेव्हा तिला धरून उभा असलेला कलाकार ओठ हलवत नाही, अंगही फार हलवत नाही. आपली नजर बाहुलीवर जाते ती त्यामुळेच. गेममधल्या पात्रांना ओठच नाहीत, तेव्हा हा नियम दुप्पट कडक पाळावा लागतो. जो बोलतोय त्यानेच हलायचं. बाकीच्यांनी स्तब्ध उभं राहून त्याच्याकडे बघायचं. 'रेड व्हर्सेस ब्लू'मध्ये बोलणाऱ्याचं डोकं खाली-वर हलतं, त्यासाठी खेळाडू कंट्रोलरवरची नेम धरायची दांडी हलवत असे. बास, एवढंच. आपल्याकडे मात्र दृश्य 'जिवंत' वाटावं म्हणून सगळे उड्या मारत असतात, गोल फिरत असतात, आणि बघणाऱ्याचा जीव मेटाकुटीला येतो.

बंदुकीचाही प्रश्न येतो. गेममधलं पात्र कायम नेम धरून उभं असतं, त्यामुळे दोन मित्र गप्पा मारतायत हे पटतच नाही. पहिल्या 'हेलो'मध्ये एक दोष होता. हातात पिस्तूल असताना खेळाडूने जमिनीकडे पाहिलं की समोरच्याला त्याचा हात खाली गेलेला दिसे, पण डोकं सरळच राही. बर्न्स आणि मंडळींनी हा दोषच वापरला, आणि सैनिक निवांत उभे राहून बोलू लागले. 'हेलो २'मध्ये बंजी या गेम बनवणाऱ्या कंपनीने तो दोष काढला, पण शस्त्र खाली घ्यायची सोय मुद्दाम घालून दिली. तुमच्या गेममध्ये असं काय आहे ते शोधा. कुठल्या शस्त्राने पात्र सैल दिसतं? कुठला हावभाव बोलल्यासारखा वाटतो? संहिता लिहिण्याआधी एक संध्याकाळ नुसतं हे तपासण्यात घालवा.

पडद्यावरचे आकडे, छोटा नकाशा आणि नेमाची खूण दिसत असेल, तर प्रेक्षक गोष्टीत शिरत नाही, तो कुणाचा तरी खेळ बघत राहतो. सेटिंगमधून ते बंद करा. बंद होत नसेल तर वर-खाली काळ्या पट्ट्या टाका. त्या टेक्सासवाल्यांनीही हाच मार्ग धरला होता.

रंगांबद्दल थोडक्यात. मोबाइलच्या छोट्या पडद्यावर लाल आणि मरून सारखेच दिसतात, म्हणून अशी दोन पात्रं शेजारी उभी करू नका. पण रंगातून पात्र खुलतं तेव्हा संधी सोडूही नका. लाल तळावरच्या डोनटचं चिलखत उघड गुलाबी असतं आणि तो ते फिकट लाल असल्याचं ठासून सांगत राहतो. एका रंगावरून त्याचं आणि बाकीच्यांचं वर्षानुवर्षं जुंपतं.

बावळट पात्र म्हणजे काहीही बडबडणारं पात्र

निळ्यांकडे कबूस आहे. सुरुवातीला तो नुसता नवखा होता, पुढे मंद होत गेला. वरवर बघणाऱ्याला वाटतं, त्याच्या तोंडी काहीही घातलं तरी चालतं. तसं ते नाही. कबूसच्या डोक्यात त्याचं स्वतःचं एक जग आहे आणि त्या जगात तो नेहमी सुसंगत वागतो. निळ्यांचाच चर्च हा आपला जिवलग मित्र आहे असं त्याने ठरवून टाकलंय. चर्चला तो मुळीच सहन होत नाही. तो रणगाड्यात बसतो, रणगाड्याला नीट हुकूम देता येत नाही, आणि गोळा नेमका चर्चवर पडतो. पुढे तो याचाही दोष सहज दुसऱ्यावर ढकलतो. पुढच्या एका प्रसंगात चर्च थेट कबूसच्या मनात शिरतो. तिथे सगळे सहकारी कबूसला जसे वाटतात तसेच वावरताना दिसतात. बावळट पात्राला किती आतून बघता येतं याचा मला तो उत्तम नमुना वाटतो.

तुमचं बावळट पात्र कंटाळवाणं होत असेल, तर त्याचं प्रत्येक वाक्य घ्या आणि विचारा: याच्या दृष्टीने हे बरोबर का आहे? उत्तर नसेल तर वाक्य काढा.

बोलीला मूर्ख ठरवणं

इथे मला जरा थांबायचंय, कारण ही चूक आपल्याकडची खास आहे. चार पात्रांतलं एक वऱ्हाडी, मालवणी किंवा अहिराणी बोलतं, आणि तेच नेमकं अडाणी, खादाड किंवा भित्रं असतं. बोलणाऱ्याची बोली घरची नसते, त्यामुळे दोन-तीन हेल काढून काम भागवलेलं असतं. ज्या घरांत ती बोली बोलली जाते तिथला प्रेक्षक पहिल्याच मिनिटाला दुखावतो, आणि त्याचं दुखावणं रास्त असतं.

'रेड व्हर्सेस ब्लू'मध्ये लोपेझ नावाचा यंत्रमानव फक्त स्पॅनिश बोलतो, तीही मुद्दाम यांत्रिक भाषांतराने केलेली. पण लाल चमूत शहाणपणाचं बोलतो तो बहुतेकदा तोच. त्याचं कुणालाच कळत नाही, फक्त खालच्या उपशीर्षकांमुळे आपल्याला कळतं. हसू येतं ते ऐकून न घेणाऱ्यांचं. आपल्या मालिकेत नंदुरबारचा मुलगा सगळ्यात नेमका बेत सांगतोय आणि बाकीचे त्याचा शब्द समजून घ्यायचे कष्ट घेत नाहीत, असं करून बघा. आणि त्या पात्राला आवाज त्या बोलीत वाढलेल्याच माणसाचा द्या. असा मित्र गटात नसेल, तर ते पात्र लिहू नका.

याच ओघात एक कडू गोष्ट. ज्या मालिकेचं मी एवढं कौतुक करतोय, तिच्यातले निळ्यांकडच्या टकरचे चावट विनोद आणि ग्रिफच्या बहिणीवरून केलेले विनोद आज ऐकवत नाहीत. तिथून ते उचलू नका. उचलायचीच असेल तर टेक्स उचला. ती सगळ्यांत कसलेली लढवय्यी आहे, दोन्ही बाजू तिला वचकून असतात, आणि तिची स्वतःची गोष्ट आहे. मालिकेत एकच मुलगी असेल तर तिच्या वाट्याला नुसतं 'शहाणी' असणं येऊ नये, तिलाही एक हट्ट द्या.

मरणाचा नियम ठरलेला नाही

गेममध्ये मेलेला खेळाडू पाच सेकंदांत पुन्हा उभा राहतो. मालिकेत त्याचं काय करायचं हे बहुतेक गट ठरवतच नाहीत. दुसऱ्या भागात मेलेला गडी तिसऱ्या भागात निमूट हजर असतो, चौथ्यात मात्र कुणाच्या तरी मरणावर रडारड होते. प्रेक्षकाला मग कशाचंच काही वाटेनासं होतं.

तीनपैकी एक मार्ग घ्या: मेला तो गेला, किंवा सगळे परत येतात आणि त्यांना ते ठाऊक आहे, किंवा परत येण्याची काही किंमत आहे. चर्च मेल्यावर भूत होऊन परतला. तेव्हा तो विनोद होता. २००८ साली आलेल्या पर्वात उलगडलं की तो मुळात माणूस नव्हताच, कृत्रिम बुद्धिमत्ता होता, आणि आधीच्या गमतींना अचानक वेगळाच अर्थ आला. हे साधलं, कारण लिहिणाऱ्यांनी आपलेच जुने विनोद गंभीरपणे पुन्हा वाचले होते. पाच भाग झाले की तुम्हीही तसेच बसून आधीचे भाग बघा. कुठल्या फालतू ओळीत गोष्ट दडलीय ते सापडतं.

फक्त खेळणाऱ्यांनाच कळणारे विनोद

नकाशातली एखादी खिडकी, एखाद्या बंदुकीचा धक्का, मागच्या अपडेटमध्ये झालेला बदल. असे विनोद दोन महिन्यांत शिळे होतात. 'रेड व्हर्सेस ब्लू'ची सुरुवात सिमन्सच्या प्रश्नाने होते: आपण इथे का आहोत याचा कधी विचार केलायस? ग्रिफ थेट विश्व आणि देव यांच्यावर बोलायला लागतो. सिमन्सला विचारायचं असतं एवढंच, की या ओसाड दरीत आपला तळ कशाला? कुठल्याही कंटाळवाण्या नोकरीत असलेल्या माणसाला ते कळतं. पुढे डोनट नवा रुजू होतो तेव्हा त्याला अस्तित्वातच नसलेल्या वस्तू आणायला दुकानात पिटाळतात. तो बिचारा निळ्यांच्या तळालाच दुकान समजतो आणि त्यांचा झेंडा घेऊन येतो. झेंडा पळवणं हा गेमचा नियम, पण प्रसंग नवख्याला गंडवण्याचा. ज्याने 'हेलो'चं नावही ऐकलेलं नाही, त्यालाही तो पोचतो.

उरलेल्या अडचणी

आवाज घुमत असेल तर महागडा माइक घेण्याआधी पलंगावर बसून, डोक्यावरून गोधडी घेऊन बोलून बघा. पंखा बंद ठेवा. संवाद आधी ध्वनिमुद्रित करा आणि मग त्यावर पात्रं हलवा. उलट केलं की विराम चुकतात आणि विनोद सांडतो.

गेम ज्या कंपनीचा आहे तिचे चित्रफितींबाबतचे नियम वाचा. मायक्रोसॉफ्टने आपल्या गेमसाठी असे नियम २००७ मध्ये जाहीर केले. सगळ्या कंपन्यांचे नियम सारखे नसतात, आणि जाहिरातीचे पैसे घ्यायचे असतील तर त्या कलमावर आधी बोट ठेवा. पार्श्वसंगीतासाठी सिनेमातली गाणी वापरू नका.

भाग किती, हे आधी ठरवा. सहा पुरे. सातवा लिहायचा तर सहाव्यानंतर.

आणि शेवटची अडचण, जी हमखास येते: एकाला नोकरी लागते, तो बेंगळुरूला जातो. त्याच्या पात्राला गुपचूप दुसऱ्याचा आवाज देऊ नका, प्रेक्षक पहिल्या शब्दाला ओळखतात. पुढच्या दोन भागांचे त्याचे संवाद तो जायच्या आधीच रेकॉर्ड करून घ्या. नंतर फोनवर करायचं ठरलं, तर त्याला त्याच्या खोलीत गोधडी न्यायला सांगा आणि तुम्ही इथून समोरच्या पात्राच्या ओळी त्याला ऐकवा. एकट्याने वाचलेली ओळ आणि कुणाला तरी दिलेलं उत्तर यांतला फरक हेल्मेटमधूनसुद्धा ऐकू येतो.