ठासणीच्या बंदुकीची साफसफाई आणि निगा

खंडेनवमीला कपाटातून काढलेली ठासणीची, म्हणजे नळीच्या तोंडातून दारू ठासून भरायची, बंदूक पुसावी, तिच्यावर तेलाचा हात फिरवावा, हळदकुंकू वाहावे आणि ती पुन्हा ठेवून द्यावी, एवढ्याने वर्षाची निगा झाली असे पुण्यातील काही परवानाधारक घरांत आजही मानले जाते. आमच्या घरीही तीच रीत होती. मुळशीत पीकसंरक्षणासाठी वापरलेल्या आजोबांच्या बंदुकीची नळी आतून खड्डे पडून निकामी झाली, तेव्हा कळले की वरून तेल लावले जात असले तरी आतले क्षार कधी धुतलेच गेले नव्हते.

काळी दारू म्हणजे साधारण ७५ टक्के सोरा (पोटॅशियम नायट्रेट), १५ टक्के कोळसा आणि १० टक्के गंधक. ती जळते तेव्हा तिच्या वजनाच्या निम्म्याहून अधिक भाग वायू न होता घन स्वरूपात उरतो, आणि त्यात मुख्यतः पोटॅशियमचे कार्बोनेट, सल्फेट व सल्फाइड असतात. हे क्षार हवेतील ओलावा ओढून घेतात आणि लोखंड खाऊ लागतात. जुन्या पद्धतीच्या केपांतील (घोड्याच्या आघाताने पेटून दारूला ठिणगी देणाऱ्या छोट्या टोप्यांतील) पोटॅशियम क्लोरेटमुळे त्यांत क्लोराइडची भर पडते. पुण्यात जून ते सप्टेंबर या काळात हवा इतकी दमट असते की बार काढल्यावर न धुतलेल्या नळीत दुसऱ्या दिवशीच तांबूस थर दिसतो. हे क्षार तेलात विरघळत नाहीत, पाण्यात विरघळतात. म्हणून बंदूक त्याच दिवशी पाण्याने धुवावी, आणि तेलाचा विचार त्यानंतर करावा.

पाण्याला हात लावण्यापूर्वी बंदूक भरलेली नाही याची खात्री करणे अनिवार्य आहे. घोड्याखाली केप नाही हे पाहावे. गज, म्हणजे दारू ठासण्याची लांब काठी, नळीत बुडापर्यंत सोडून तोंडाशी अंगठ्याने खूण धरावी आणि तोच गज नळीच्या बाहेरून लावून पाहावा. गजाचे टोक निपलच्या, म्हणजे ज्यावर केप बसते त्या भोक असलेल्या बोंडाच्या, बरोबरीला पोहोचले तर नळी रिकामी आहे. चार बोटे अलीकडेच थांबले तर आत बार असण्याची दाट शक्यता आहे. काळी दारू कोरडी राहिली तर शंभर वर्षांनीही पेट घेते, त्यामुळे पूर्वजांनी भरून ठेवलेली बंदूक निरुपद्रवी झाली असेल असे मुळीच समजू नये. अशी बंदूक उडवून मोकळी करण्याचा किंवा घरी उकरण्याचा प्रयत्न न करता परवानाधारक बंदूक दुरुस्ती करणाऱ्याला कळवावे, आणि तोवर तिच्यासमोर निरांजन वा उदबत्ती लावू नये.

सामान फारसे लागत नाही. जुन्या धोतराच्या, अनेकदा धुतलेल्या सुती कापडाच्या दोन इंची चिंध्या, गजाला बसणारे पितळी टोक, निपल काढण्याचा पाना, कोमट पाणी आणि भांडी घासण्याच्या द्रव साबणाचे दोन थेंब पुरेसे आहेत. रविवार पेठेतील बोहरी आळीत पितळी तारेचे ब्रश मिळतात. पोलादी तारेचा ब्रश मात्र नळीत कधीही घालू नये.

नळी दस्त्यापासून सुटत असेल तर ती सोडवावी, निपल काढावे आणि नळीचे बूड पाण्याच्या बादलीत बुडवावे. गजावर ओली चिंधी घट्ट बसवून ती वरखाली केली की पिचकारीसारखे पाणी निपलच्या भोकातून आत ओढले जाते आणि काळेकुट्ट होऊन बाहेर पडते. या वेळी सडक्या अंड्यासारखा वास येतो. तो सल्फाइडचा असतो, आणि क्षार सुटत असल्याची ती खूण आहे. पाणी बदलत राहावे, आणि बाहेर येणारे पाणी स्वच्छ होईपर्यंत हे थांबवू नये. काही जण उकळते पाणी वापरतात. त्याने नळी लवकर वाळते हे खरे, परंतु तापलेल्या ओल्या लोखंडावर क्षणात हलका गंज धरतो, म्हणून मी कोमट पाणीच पसंत करतो. नळी सुटत नसेल तर ओल्या चिंध्या एकामागून एक फिरवाव्यात आणि दस्त्यात पाणी झिरपू देऊ नये. त्यानंतर कोरड्या चिंध्या घालाव्यात. शेवटची चिंधी जशी गेली तशीच कोरडी व पांढरी बाहेर आली पाहिजे. निपल आणि घोड्याचा पोकळ भाग जुन्या दातांच्या ब्रशने स्वच्छ करावा.

तेलाच्या बाबतीत आपल्याकडे सर्वाधिक चुका होतात. करडई आणि जवस ही सुकणारी तेले आहेत. लोखंडावर त्यांचा चिकट लेप बसतो आणि घोड्याची कळ जाम होते. खोबरेल तेल साधारण २४ अंशांखाली थिजते, त्यामुळे पुण्याच्या थंडीत त्याचा सलग पातळ थर राहत नाही. साठवणीसाठी बंदुकीचे खनिज तेल बोटाने पुसता येईल इतके पातळ लावावे, मात्र बार भरण्यापूर्वी ते कोरड्या चिंधीने पूर्ण काढावे, कारण खनिज तेल आणि काळी दारू एकत्र जळून डांबरासारखा थर होतो. वापराच्या वेळी मधमाशीचे मेण आणि चरबी यांचे मिश्रण चांगले.

जवसाचे तेल वाया जात नाही. उन्हाळ्यात कोरड्या पडणाऱ्या लाकडी दस्त्याला त्याचा एखादा थेंब चोळावा.

पितळी भांड्यांप्रमाणे बंदूक चिंचेने घासण्याचा मोह टाळावा. पितळी पट्ट्या वेगळ्या काढून चिंच लावली तर हरकत नाही, पण नळीवरचा तपकिरी रंग कारागिराने मुद्दाम चढवलेला असू शकतो आणि तो लोखंडाचे रक्षण करतो. आम्लाने तो निघून जातो.

साफ केलेली बंदूक पहिले दोन-तीन दिवस तोंड खाली करून ठेवावी, म्हणजे जादा तेल बुडाशी व निपलमध्ये साचत नाही. दुसऱ्या दिवशी आणि आठवड्याने पुन्हा एक चिंधी फिरवावी. ती तांबूस निघाली तर धुणे अपुरे झाले असे समजून सुरुवातीपासून पुन्हा करावे. चामड्याच्या किंवा स्पंजाच्या खोळीत ओल धरते, म्हणून ती फक्त प्रवासापुरती वापरावी, आणि पावसाळ्यात दर पंधरा दिवसांनी नळी पाहावी. खंडेनवमीचे हळदकुंकू त्याच संध्याकाळी पुसून घ्यावे, कारण ते ओले होऊन सांध्यांत बसते.

निवडणुकीच्या काळात परवान्याची बंदूक पोलीस ठाण्यात जमा करावी लागू शकते, आणि तेथे ती काही आठवडे तशीच पडून राहते. म्हणून जमा करण्याच्या आदल्या दिवशी तिला धुऊन, वाळवून, तेल लावावे, आणि परत आणल्यावर कपाटात ठेवण्यापूर्वी गजाची तीच चाचणी करून नळीतून कोरडी चिंधी फिरवून पाहावी.