दहा ग्लास गार फळांच्या चहाची तयारी

हा चहा म्हणजे लाल अंबाडीची वाळलेली बोंडं, गवती चहा आणि पुदिना यांचा दाट अर्क, त्यात फळांचा रस आणि पाक, आणि शेवटी बर्फ. तयारी बर्फापासून सुरू करायची, तीही दोन दिवस आधी. दहा माणसं, प्रत्येकी तीनशे मिलिलिटरचा एक ग्लास आणि ग्लासात शंभर ग्रॅम बर्फ, म्हणजे एक किलो झाला. कोणी ना कोणी पुन्हा मागतंच, म्हणून अर्धा किलो वर धरा. घरच्या फ्रिजच्या बारा-चौदा खणांच्या ट्रेमधून दोनशे-अडीचशे ग्रॅम बर्फ निघतो आणि तो नीट गोठायला चार-पाच तास लागतात. दोन ट्रे असतील तर तीन-चार फेऱ्या होतात. ऐन दुपारी हे सुचलं तर उशीर झालेला असतो. पाणी उकळून गार केलेलं घ्या, गोठलेले खडे तोंड बंद होणाऱ्या पिशवीत भरून ठेवा आणि ट्रे पुन्हा लावा. पिशवीचा आग्रह वासासाठी आहे. आपल्याकडे फ्रीझरमध्ये सुरमईच्या तुकड्या नाहीतर ओले बोंबील असतातच, आणि उघडा बर्फ तो वास ओढून घेतो. पुदिन्याच्या चहात बोंबील लपत नाही. बाहेरून बर्फ आणणार असाल तर खाण्यायोग्य म्हणून विकला जाणारा, पिशवीबंद घ्या. खाण्यासाठी नसलेल्या बर्फात निळा रंग मिसळायचा नियम महाराष्ट्रात २०१८ मध्ये आला, तो याचसाठी. निळसर झाक दिसली तर तो बर्फ फार तर बाटल्या गार करायला वापरा.

बर्फाचं एवढं कौतुक का, तर हे पेय बिघडतं ते बहुतेक वेळा इथेच. एक किलो बर्फ वितळायला जेवढी उष्णता लागते, तेवढ्यात एक लिटर पाणी शून्यापासून ऐंशी अंशांपर्यंत तापतं. म्हणजे अर्धा लिटर वाफाळता अर्क थेट बर्फावर ओतला, तर त्याला गार करण्यातच जवळजवळ अर्धा किलो बर्फ संपतो आणि अर्काचं दुप्पट पाणी होतं. तोच अर्क आधी फ्रिजमध्ये दहा अंशांवर आणला, तर साठ-पासष्ट ग्रॅम बर्फात काम भागतं. म्हणून अर्क दाट करायचा, पूर्ण गार करायचा आणि बर्फाला शेवटी हात लावायचा. हा क्रम मोडला की चव पाणचट होते आणि दोष बिचाऱ्या अंबाडीला मिळतो.

आता काय काय आणायचं ते. यात चहापत्ती नाही, त्यामुळे कॅफीनही नाही. मुलांना आणि संध्याकाळी उशिरा पिणाऱ्यांनाही चालतं. निवड करताना एक आंबट, एक सुगंधी आणि एक गोड फळ, एवढ्यावर थांबा. पाच वनस्पती आणि चार फळं एकत्र केली की सगळ्याला सर्दीच्या काढ्याची चव येते. दहा ग्लासांसाठी आंबटपणाला लाल अंबाडीची वाळवलेली बोंडं वीस ग्रॅम, सुगंधाला गवती चहाच्या आठ-दहा पाती आणि पुदिन्याची वीस-पंचवीस पानं, सोबत दोन पेरं आलं. फळ म्हणून दीड किलोचं छोटं कलिंगड आणि पिकलेला अर्धा अननस. शिवाय दोन रसाळ लिंबं, दोनशे ग्रॅम साखर, सैंधव आणि दोन चमचे सब्जा.

वाळलेली बोंडं आयुर्वेदिक औषधांच्या किंवा सुक्यामेव्याच्या दुकानात बहुधा ‘हिबिस्कस’ या नावाने मिळतात. भाजीची अंबाडी नको, असं सांगून मागा, नाहीतर जुडी हातात येईल. घेताना बोंड गडद मरून आणि मोडल्यावर कडक तुटणारं हवं. तपकिरी, मऊ, एकमेकांना चिकटलेली बोंडं म्हणजे दमटपणा लागलेला माल. ठाण्या-नवी मुंबईच्या हवेत उघडं पाकीट पावसाळ्यात फार टिकत नाही. घरी येताच काचेच्या घट्ट झाकणाच्या बरणीत भरा. गवती चहा आणि पुदिना ठाण्यात जांभळी नाक्याच्या मंडईत किंवा नवी मुंबईत आपल्या सेक्टरच्या भाजीवाल्याकडे मिळतो. एवढ्याशा फळांसाठी वाशीच्या एपीएमसीत, म्हणजे घाऊक बाजारात, जाण्यात अर्थ नाही, तिथला व्यवहार पेटीने चालतो. सोसायटीच्या हळदीकुंकवाला शंभर ग्लास करायचे असतील तर गोष्ट वेगळी. कापून, प्लॅस्टिक गुंडाळून ठेवलेलं अर्धं कलिंगड मात्र घेऊ नका.

बोंडं मिळाली नाहीत तर दहा-बारा आमसुलं कपभर कोमट पाण्यात अर्धा तास भिजवा. आमसुलाला मीठ लावलेलं असतं, तेव्हा सैंधव वगळा, आणि अशा वेळी पुदिन्याऐवजी चमचाभर बडीशेप जास्त जुळते. गॅलरीतली देशी लाल जास्वंदही चालते, पण तिच्यात अंबाडीचा आंबटपणा नाही आणि चिकटपणा आहे. फक्त पाकळ्या घ्या, देठाकडचा हिरवा भाग आणि मधली दांडी काढून टाका, नाहीतर अर्क बुळबुळीत होतो. पूजेच्या पुडीतली फुलं वापरू नका; त्यांच्यावर काय फवारलंय ते आपल्याला ठाऊक नसतं. निळ्या गोकर्णाची हौस असेल तर ती वेगळ्या भांड्यात करा. गोकर्णाचा निळा रंग आंबट लागताच जांभळा होतो, तेव्हा लिंबू पाहुण्यांसमोर पिळायचं. अंबाडीत गोकर्ण टाकला तर निळं काहीच दिसत नाही, फुलं वाया.

हापूस यात नको. त्याच्या गराने पेय घट्ट होतं, पुदिना आणि गवती चहा दोन्ही त्याखाली दबतात, आणि बर्फाच्या पाण्यात हापूस घालणं त्याच्यावरही अन्यायच. चिकू, केळं, पपई तर सोडूनच द्या. मोसंबीचा रस काढून ठेवला की कडू होत जातो, म्हणून आदल्या दिवशी तो घालू नये. मे महिन्यात येऊरच्या पाड्यांवरच्या बायका ठाण्यात करवंदं आणि जांभळं घेऊन बसतात. बदलापूरची टपोरी जांभळंही त्याच सुमारास येतात. जांभूळ घ्यायचंच तर कलिंगडाऐवजी घ्या आणि अंबाडी निम्मी करा, कारण जांभळाचा तुरटपणा आंबटाबरोबर जीभ बांधतो.

भांडं स्टीलचं, जाड बुडाचं, झाकण असलेलं. अंबाडी किंवा कोकम ॲल्युमिनियमच्या पातेल्यात किंवा कल्हई नसलेल्या पितळी भांड्यात घालायचं नाही. आंबटामुळे धातू पाण्यात उतरतो आणि चवीला कळतो. गाळायला चहाची गाळणी आणि तिच्यावर ओलं करून पिळलेलं मलमलचं फडकं. फडकं नुसत्या गरम पाण्यातून काढा, साबणाचा वास फळाच्या चहात सगळ्यात आधी लागतो. दोन लिटरचा झाकणाचा जग घ्या. तो फ्रिजच्या कप्प्यात उभा मावतो का ते रिकामा असतानाच बघून ठेवा, भरल्यावर कळून उपयोग नाही.

पाण्याकडे एक नजर टाका. धरणाच्या नळाच्या पाण्याची सहसा अडचण येत नाही, फक्त क्लोरीनचा वास असेल तर झाकण न ठेवता पाच मिनिटं उकळू द्या. घोडबंदर रोडच्या ज्या इमारतींत टँकर येतो, तिथे पाणी जड असू शकतं. जड पाण्यात अंबाडीचा लाल रंग मळकट, जांभळट दिसतो. फिल्टरचं पाणी वापरा, नाहीतर अर्कातच लिंबाचे सात-आठ थेंब पिळा, रंग परत उजळतो.

आदल्या संध्याकाळी आधी पाक करा, कारण गार पाण्यात साखर विरघळत नाही, तळाशी जाऊन बसते आणि शेवटचा घोट सरबत होतो. दोनशे ग्रॅम साखर आणि दोनशे मिलिलिटर पाणी, साखर विरघळेपर्यंतच तापवायचं. तार नको, तार आलेला पाक गार चहात गोळा होऊन बसतो. यातून सव्वातीनशे मिलिलिटरच्या आसपास पाक निघतो आणि बरणीत, फ्रिजमध्ये दोन आठवडे सहज राहतो. गूळ चालतो, पण लाल रंग जातो आणि मातकट दिसतं. मध घालणार असाल तर वर्षाच्या आतल्या बाळाला त्यातला थेंबही द्यायचा नाही.

मग अर्क. सव्वा लिटर पाणी उकळायला ठेवा. गवती चहाच्या पाती धुऊन दोन-दोन इंच कापा. कडा धारदार असतात, मुठीत धरून खसकन ओढू नका. पाती आणि ठेचलेलं आलं उकळत्या पाण्यात घालून मंद आचेवर पाच मिनिटं ठेवा, कारण ती चिवट असतात आणि नुसत्या भिजण्याने सुगंध सोडत नाहीत. गॅस बंद करा, मगच बोंडं घालून झाकण लावा. सात मिनिटं पुरेत. पंधरा मिनिटं ठेवलं की आंबटाबरोबर तुरटपणा उतरतो, आणि तो कितीही साखर ओतली तरी जात नाही. चौथ्या मिनिटाला पुदिना टाका: पानं तळव्यावर ठेवून एकदा टाळी वाजवा, तेवढं चुरणं बस्स. पुदिना उकळला तर त्याचा रंग खाकी आणि वास भिजल्या गवताचा होतो. ही सगळ्यात जास्त होणारी चूक, आणि बऱ्याच जणांना ती आवडत्या चहाच्या सवयीमुळे होते. आपल्याकडे चहा म्हटला की उकळी आलीच.

गाळताना बोंडं फडक्यात पिळू नका, चमच्याने हलकं दाबा. पिळलं की गर उतरतो आणि अर्क गढूळ होतो. सव्वा लिटरचा एक लिटर आणि वर थोडा एवढा अर्क हाती येईल. चाखलात तर तो खूप आंबट आणि उग्र लागेल. तसाच हवा, पुढे रस, पाक आणि बर्फ यायचाय. पातेलं परातीत पाणी घालून त्यात ठेवा, पाणी दोनदा बदला. अर्ध्या-पाऊण तासात हाताला साधं लागेल इतपत निवतं, मग जगात भरून फ्रिजमध्ये. गरम पातेलं तसंच फ्रिजमध्ये सरकवलं तर शेजारचं दूध आणि उरलेली भाजी तापते. मे महिन्याच्या उकाड्यात ओट्यावर रात्रभर तर मुळीच ठेवू नका.

उन्हात बरणी ठेवून चहा करण्याची पद्धतही टाळा. बरणीतलं पाणी तासन्‌तास कोमट राहतं, जंतू मरण्याइतकं तापत नाही. पातीला, पानाला माती असतेच. गारच भिजवायचं असेल तर ते फ्रिजमध्ये, आठ-दहा तास, नीट धुतलेल्या जिनसांनी. चव सौम्य येते, तुरटपणा जवळजवळ नसतो, पण गवती चहा असा उतरत नाही.

कार्यक्रमाच्या दिवशी सकाळी अननसाचे सेंटिमीटरभर तुकडे करून जगात टाका, त्यांना मुरायला तीन-चार तास मिळू देत. कलिंगड कापून फ्रिजमध्ये ठेवा, पण रस तासभर आधीच काढा. मोठ्या काळ्या बिया काढून मिक्सर चार-पाच सेकंद, थांबून थांबून फिरवा. सलग फिरवलं की उरलेल्या बिया फुटून कडवट लागतं आणि वर बोटभर फेस येतो. गाळून चारशे मिलिलिटर रस मोजा, उरलेलं कलिंगड खाऊन टाका. सब्जा दोन कप पाण्यात पंधरा-वीस मिनिटं भिजवा. पांढरी जेली सगळीकडून फुगली पाहिजे, कोरडा दाणा राहता कामा नये.

जगात अर्कावर रस, दोन लिंबांचा रस आणि सुरुवातीला दोनशे मिलिलिटर पाक घालून ढवळा. सैंधव चिमूटभरच, खारट लागण्याइतकं नाही. गारव्यात गोडी कमी जाणवते, म्हणून चव बर्फ घातलेल्या ग्लासात बघा. एक ग्लास आधी भरून पाच मिनिटं ठेवा, मग घोट घ्या, आणि लागला तर आणखी पन्नास मिलिलिटर पाक. लिंबाच्या चकत्या जगात सोडू नका, सालीखालचा पांढरा भाग तासाभरात कडू उतरतो. शोभेला हव्या असतील तर ग्लासाच्या काठावर.

वाढताना ग्लास एक तृतीयांश बर्फाने भरा, चमचाभर सब्जा, वरून चहा, पुदिन्याचा शेंडा. बर्फ जगात टाकायचा नाही, शेवटच्या चौघांना पाणी मिळतं. इथल्या दमट हवेत ग्लासाला लगेच घाम येतो, खाली कागदी रुमाल नाहीतर टेबलावर गोल डाग उमटतात. दूध घालून बघायचा प्रयोग करू नका, नासतं.

रक्तदाबाच्या गोळ्या चालू असलेल्यांना आणि गर्भवतींना अंबाडीचा अर्क डॉक्टरांना विचारल्याशिवाय आग्रह करून देऊ नका. त्यांच्यासाठी पुदिना-कलिंगडाचा छोटा जग बाजूला करा. साखर टाळायची म्हणून काही जण ज्येष्ठमध घालतात, तो मात्र रक्तदाब वाढवू शकतो.

फळ घातलेला चहा चोवीस तासांत संपवा. कलिंगडाचा वास दुसऱ्या दिवशी आंबूस व्हायला लागतो. उरणारच असं दिसलं तर तुकडे काढून चहा कुल्फीच्या साच्यात भरा आणि फ्रीझरमध्ये ठेवा, मुलं एका दुपारीत फस्त करतात. रस न घातलेला साधा अर्क फ्रिजमध्ये दोन-तीन दिवस राहतो. आणि फडकं लगेच धुवा, ओट्यावर सांडलेलं तेव्हाच पुसा. ओटा किंवा टेबल संगमरवरी असेल तर आंबटाने त्याची चकाकी जाते आणि लाल डाग आत शिरतो.