इंजिन टेस्ट सेल बांधायच्या आधी काय काय मोजायचं

लढाऊ विमानाचं इंजिन दुरुस्त झालं की जमिनीवरच बांधून फुल पॉवरला चालवून बघतात. त्याची बंदिस्त इमारत म्हणजे टेस्ट सेल, आणि अख्खं विमान आत घ्यायची सोय असेल तर हश हाउस. नाशिकजवळ ओझरला एचएएल ही सरकारी विमान कंपनी जोडत आलेल्या सुखोई-30 चं एएल-31एफपी इंजिन आफ्टरबर्नरवर (मागच्या झोतात जादा इंधन जाळून) साधारण 12,500 किलोचा थ्रस्ट (ढकलण्याचा जोर) देतं, म्हणजे समजा असला सेल द्राक्षबागांच्या शेजारी आला तर काय होईल ते आधीच बघायला हवं. त्यात 2006 च्या ईआयए (प्रकल्पाचा पर्यावरणावरचा परिणाम तपासायच्या) नोटिफिकेशनमध्ये संरक्षण प्रकल्पांना जनसुनावणीतून सूट आहे, गावाला कुणी विचारेलच असं नाही, त्यामुळे या परिणामांचा अहवाल करणाऱ्यावर जबाबदारी जास्तच येते.

आधी आवाज. जवळच्या वस्तीत आणि शाळेत आठवडाभर दिवस-रात्र रीडिंग घ्या, मोबाईल ॲपवर नको, कॅलिब्रेट केलेलं मीटरच लावा. निवासी भागाची मर्यादा दिवसा 55, रात्री 45 डेसिबल, पण ती सरासरी आहे आणि फसायला होतं ते इथेच, कारण 74 डेसिबलचा 10 मिनिटांचा रन सकाळी 6 ते रात्री 10 अशा 16 तासांवर पसरवला की त्याचा वाटा जेमतेम 54 येतो, कागद स्वच्छ, आणि तेवढा वेळ वर्गात बाईंचं बोलणं मागच्या बाकावर ऐकू येत नाही. म्हणून प्रत्येक रनचा कमाल आवाज, किती वाजता, आठवड्यात किती वेळा, हे वेगळं मागाच. शिवाय डीबीए (माणसाच्या कानाला जुळवलेली डेसिबलची पट्टी) मध्ये खालची घरघर कमी मोजली जाते, हश हाउस चिरका आवाज बराच अडवतं पण घरघर बाहेर पडते, खिडकीची काच थरथरते, मांडणीवरची भांडी वाजतात. डीबीसी (घरघरही धरणारी पट्टी) मध्येही मोजा.

हवेसाठी वर्षाचं एकूण इंधन एवढाच आकडा घेऊ नका. आयडलला (इंजिन अगदी मंद चालू असताना) कार्बन मोनॉक्साइड आणि न जळलेलं इंधन जास्त निघतं, आफ्टरबर्नर न लावता फुल पॉवरला नायट्रोजन ऑक्साइड, म्हणून कुठल्या सेटिंगला किती मिनिटं ते लिहून घ्या.

पाण्याकडे फार कमी लोक बघतात. इंधनाच्या टाकीखाली गळती अडवणारा बांध आहे का, फरशी धुतलेलं तेलकट पाणी कुठे जातं, आणि आग विझवायचा फोम कुठला ते विचारा. जुन्या एएफएफएफ (इंधनाची आग विझवायच्या) फोममध्ये पीएफएएस हे फ्लोरिनयुक्त रसायन असतं, ते वर्षानुवर्षं विघटित होत नाही, अमेरिकेत कित्येक हवाई तळांभोवतीचं भूजल त्याने खराब झालंय. आपल्याकडे काळ्या खडकाच्या भेगांतून पाणी कुठल्या कुठे जातं, तेव्हा पहिली कुदळ पडायच्या आधी आसपासच्या विहिरींचं पाणी पीएफएएससकट तपासून रिपोर्टची एक कॉपी ग्रामपंचायतीत ठेवा.