लाखेच्या जुन्या तबकड्या पुसताना

माळ्यावरून किंवा जुन्या बाजारातून आणलेल्या ७८ आरपीएमच्या (म्हणजे मिनिटाला ७८ फेरे घेणाऱ्या) ग्रामोफोनच्या तबकड्यांवर धूळ आणि बुरशी चिकटलेली असते. तशीच वाजवली की सुई ती घाण खाचांतून रगडत नेते.

१. पेलाभर डिस्टिल्ड वॉटरमध्ये भांड्यांच्या लिक्विडचा एकच थेंब टाका.
२. मऊ सुती फडकं त्यात बुडवून घट्ट पिळा आणि खाचांच्या दिशेने गोल पुसा. मधलं लेबल कोरडंच राहू द्या. गायकाचं नाव, तबकडीचा नंबर तिथेच छापलेला असतो, एकदा पुसला गेला की गेलाच.
३. नुसत्या पाण्याच्या फडक्याने पुन्हा पुसून सावलीत उभी वाळवा.

स्पिरिट किंवा सॅनिटायझर अजिबात लावू नका, अल्कोहोलमध्ये लाख विरघळते.